कॉल रोज होतो, तरी बोलणे होत नाही

प्रश्न : मी 27 वर्षांची असून सांगलीतील एका सहकारी बँकेत नोकरी करते. महाविद्यालयात असल्यापासून, म्हणजे गेली पाच वर्षे, माझे एका मुलावर प्रेम आहे. तो गेल्या वर्षी सप्टेंबरमध्ये एम. एस. करण्यासाठी जर्मनीत श्टुटगार्टला गेला. आम्ही रोज रात्री व्हिडिओ कॉलवर बोलतो. पूर्वी तो बरोबर दहाला कॉल करायचा. दिवाळीनंतर अकरा वाजतात, कधी त्याहूनही उशीर होतो, आणि बोलताना तो थकलेला, गप्प गप्प असतो. विचारले, की ‘इथलं टायमिंग बदललंय’ एवढेच म्हणतो. घरी आमच्याविषयी सांगितलेले नाही, म्हणून मी गच्चीवर जाऊन हळू आवाजात बोलते. गेल्या महिन्यात मी त्याला दोनदा ‘कॅमेरा फिरवून खोली दाखव’ असे म्हटले. त्याने दाखवली, पण दुसऱ्या वेळी त्यानंतर तो धड बोललाच नाही. परीक्षा झाल्यावर मार्चमध्ये तो तीन आठवड्यांसाठी येणार आहे. इकडे आई वधू-वर सूचक केंद्रात माझे नाव नोंदवायचे म्हणते आहे. व्हिडिओ कॉलवर नाते असे किती दिवस टिकणार? मी काय करू?

उत्तर : तुमच्या पत्रातील एका गोष्टीचा उलगडा आधी करते, कारण त्यामुळे तुमच्या मनावरचा थोडा तरी भार आजच उतरेल. युरोपातील बहुतेक देशांप्रमाणे जर्मनीतही मार्चच्या शेवटच्या रविवारी घड्याळे एक तास पुढे करतात आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी ती पुन्हा एक तास मागे घेतात. त्यामुळे उन्हाळ्यात भारत आणि जर्मनी यांच्या वेळांत साडेतीन तासांचा फरक असतो, तो हिवाळ्यात साडेचार तासांचा होतो. तुमच्या मित्राचा शेवटचा तास संध्याकाळी साडेसहाला संपत असेल, तर ऑक्टोबरपर्यंत त्या वेळी सांगलीत रात्रीचे दहा वाजत असत आणि आता अकरा वाजतात. तो पूर्वीइतकाच तत्परतेने फोन हातात घेत असूनही तुमच्यापर्यंत मात्र तो कॉल तासभर उशिराने पोहोचत असेल, ही शक्यता मला फार मोठी वाटते. दिवाळीनंतर हा बदल झाला असे तुम्ही लिहिले आहे, त्यावरून तर ती अधिकच पटते. गेल्या वर्षीही हे झालेच असणार, परंतु तेव्हा त्याला जाऊन जेमतेम महिना झाला होता आणि तुमची अशी ठरलेली वेळ बहुधा पक्की झालेली नव्हती.

‘टायमिंग बदललंय’ हे त्याचे उत्तर खरे असले तरी अपुरे आहे, आणि ते नीट समजावून न सांगण्याची चूक त्याची आहे. ज्या माणसाला आपल्या कॉलसाठी रात्री जागे राहावे लागते, त्याला दोन मिनिटे देऊन एवढे सांगायला हवे होते. तुम्ही तुमच्या बाजूने मोबाइलच्या घड्याळात बर्लिनची वेळ लावून ठेवा आणि दर रविवारी पुढच्या आठवड्याचे दोघांचे वेळापत्रक एकमेकांना पाठवण्याची पद्धत पाडा. त्याचे तास केव्हा आहेत, काम करत असेल तर पाळी कोणत्या दिवशी आहे, तुमच्याकडे ऑडिट केव्हा आहे, पाहुणे कधी येणार आहेत, हे आधी माहीत असले, की उशीर झाल्यावर मन नको तिकडे धावत नाही.

त्याच्या थकव्याविषयीही थोडे सांगायला हवे. डिसेंबरमध्ये श्टुटगार्टला सकाळी आठनंतर उजाडते आणि दुपारी साडेचारच्या सुमारास सूर्य मावळतो. म्हणजे आपल्याकडून गेलेला मुलगा अंधारात घराबाहेर पडतो आणि अंधारातच परततो, आणि हे आठवडेच्या आठवडे चालते. श्टुटगार्ट ज्या राज्यात आहे, त्या बाडेन-व्युर्टेमबर्गमधील सरकारी विद्यापीठे युरोपीय संघाबाहेरील विद्यार्थ्यांकडून 2017 पासून दर सत्राला 1,500 युरो शुल्क घेतात. व्हिसासाठी विद्यार्थ्याला वर्षाच्या खर्चाचे 11,904 युरो ‘ब्लॉक्ड’, म्हणजे पैसे काढण्यावर मर्यादा असलेल्या, खात्यात ठेवून दाखवावे लागतात आणि त्यातून महिन्याला 992 युरोच काढता येतात. भाडे, आरोग्य विमा आणि जेवण या रकमेत बसवताना ओढाताण होते, म्हणून बहुतेक मुले अर्धवेळ काम करतात, आणि त्यालाही वर्षाला 140 पूर्ण दिवसांची मर्यादा आहे. तुमचा मित्र असे काम करतो का, हे तुमच्या पत्रात नाही. तुम्हाला ते माहीत नसेल, तर पुढच्या कॉलवर विचारण्यासारखा पहिला प्रश्न तोच आहे. त्याच्या गप्प राहण्याचा संबंध तुमच्याविषयीच्या प्रेमाशी जोडण्याआधी त्याचा दिवस कसा जातो हे पुरते ठाऊक असायला हवे. तितकेच हेही खरे, की दिवसभर काउंटरवर लोकांशी बोलून, घरचे निजेपर्यंत वाट पाहून तुम्ही डिसेंबरच्या थंडीत गच्चीवर उभ्या असता, हे त्यालाही ठाऊक असायला हवे, आणि ते तुम्ही त्याला अजून सांगितलेले नसावे असे पत्राच्या सुरावरून वाटते.

आता मूळ प्रश्नाकडे येते. तुमचा कॉल जसा होत असेल तसा डोळ्यांसमोर आणून पाहा. रात्रीचे सव्वाअकरा. तुमच्या चेहऱ्यावर फक्त मोबाइलच्या पडद्याचा उजेड, आवाज दबलेला, एक कान जिन्याकडे. पलीकडे तो खोलीत शिरून जॅकेट काढतो आहे आणि त्याचे जेवण अजून व्हायचे आहे. ‘जेवलास का?’, ‘काय केलंस आज?’, ‘काही नाही, नेहमीचंच’, आणि मग ते ‘बाकी काय?’. ‘बाकी काय’ हा प्रश्न तिसऱ्यांदा आला, की दोघांनाही कळून चुकते, की आज बोलण्यासारखे काही उरलेले नाही. तरीही कॉल आधी कोणी संपवायचा, याचा संकोच वाटतो. दिवसभरातील सगळे प्रेम, सगळी चौकशी, सगळी तक्रार आणि सगळी खात्री या एका अर्ध्या तासात उरकायची म्हटली, तर तो अर्धा तास त्या ओझ्याखाली दबून जाणारच. एकाच गावात राहणारी माणसे अशी रोज समोरासमोर बसून एकमेकांच्या चेहऱ्याकडे पाहत बोलत नाहीत. ती बरोबर भाजी आणायला जातात, बसची वाट पाहतात, एकाच खोलीत आपापले काम करतात, आणि मधूनच एखादे वाक्य बोलतात. तुमच्या कॉलमध्ये नेमके हेच उरलेले नाही.

दूर राहणारी जोडपी व्हिडिओ कॉल कसा वापरतात, याचा अभ्यास कॅनडातील कारमन नॉयस्टेटर आणि सॉल ग्रीनबर्ग या संशोधकांनी 2012 साली प्रसिद्ध केला. त्यांना असे आढळले, की अनेक जोडपी कॉल बराच वेळ तसाच चालू ठेवतात आणि दोघेही आपापली कामे करत राहतात. कोणी अभ्यास करते, कोणी स्वयंपाक करते, मनात आले की बोलते आणि नाही आले की बोलत नाही. बोलण्याची सक्ती नसलेला असा सहवास तुम्ही दोघांनी आठवड्यातून एकदा तरी करून पाहावा, असा माझा आग्रह आहे. रविवारी दुपारी साडेतीनला सुरुवात करा. तेव्हा त्याच्याकडे सकाळचे अकरा वाजलेले असतात आणि तिकडची बहुतेक मुले त्या सुमारास पुढच्या तीनचार दिवसांचे जेवण करून ठेवतात. त्याने मोबाइल ओट्यावर डब्याला टेकवून ठेवावा. कांदा किती बारीक चिरायचा, आमटीला चिंच किती घालायची, कुकरची शिट्टी होण्याआधीच वाफ का निघून जाते आहे आणि रिंग बदलायला झाली आहे का, हे तो विचारत राहील आणि तुम्ही हातातले काम करता करता सांगाल. तासाभराने कॉल बंद होईल, तेव्हा एकमेकांना सांगितलेली मोठी गोष्ट एकही नसेल, परंतु त्याच्या फोडणीत मोहरी जळाली होती हे तुम्हाला माहीत असेल. मला विचाराल, तर नाते टिकते ते अशा माहितीवर.

रोजचा रात्रीचा कॉल त्या बदल्यात आठवड्यातून तीन दिवसांवर आणा. हे वाचून तुम्हाला धस्स होईल, याची कल्पना आहे. पण उरलेले दिवस रिकामे राहणार नाहीत. बँकेतून घरी चालत येताना त्याला दोन मिनिटांचा आवाजी निरोप पाठवा. त्याला तो ट्रेनमध्ये ऐकता येईल आणि सवडीने उत्तर देता येईल. कधी नुसत्या आवाजाचा कॉल करा. पडद्यावर स्वतःचा चेहरा सतत दिसत राहिला, की माणूस नकळत स्वतःलाच तपासत बसतो आणि त्याने शीण येतो, याकडे स्टॅनफर्ड विद्यापीठातील जेरेमी बेलन्सन यांनी 2021 मधील एका लेखात लक्ष वेधले आहे. त्यामुळे ज्या अ‍ॅपमध्ये स्वतःचे चित्र झाकून ठेवण्याची सोय असेल, त्यात ते झाकावे. मोबाइल हातात खाली धरण्याऐवजी डोळ्यांच्या उंचीवर टेकवून ठेवावा. कॅमेरा पडद्याच्या वर असल्याने आपण समोरच्याच्या डोळ्यांत पाहत असतो, तेव्हा त्याला मात्र आपली नजर खाली झुकलेली दिसते. ‘तू माझ्याकडे बघत नाहीस’ ही तक्रार तुमच्यात कधी झाली असेल, तर तिचे कारण बऱ्याचदा एवढेच असते.

आवाज उशिरा पोहोचण्याचेही असेच आहे. दूरसंचाराची आंतरराष्ट्रीय मानके ठरवणाऱ्या संघटनेच्या शिफारशीनुसार एका बाजूचा आवाज दुसऱ्या बाजूला 150 मिलिसेकंदांच्या आत पोहोचला, तर बहुतेक संभाषणांत अडचण जाणवत नाही. गच्चीवर घरातील वायफायची रेंज अर्धीमुर्धी मिळत असेल, तर हा उशीर त्याहून कितीतरी वाढतो. जर्मनीतील संशोधकांनी 2014 मध्ये असे दाखवले, की जोडणीतील या उशिराचे खापर माणसे नकळत समोरच्या व्यक्तीवर फोडतात आणि ती व्यक्ती कमी लक्ष देणारी, कमी आपुलकीची वाटू लागते. तुम्ही ‘आठवण येते का?’ विचारले आणि त्याचे ‘हो’ दीड सेकंदाने आले, तर तो दीड सेकंद काळजाला लागतो. पण त्याने तो घेतलेला नसतो. रेंज चांगली असेल तिथूनच बोला, आणि कॉल तुटला तर पुन्हा कोणी लावायचा हे एकदा ठरवून टाका, म्हणजे दोघेही वाट पाहत आणि मग रुसून बसणार नाहीत.

कॅमेरा फिरवून खोली दाखवायला सांगण्याविषयी मला तुमच्याशी स्पष्ट बोलले पाहिजे. ते पुन्हा करू नका. त्या क्षणी तुम्हाला किती असुरक्षित वाटत असेल, हे मी समजू शकते; पाच वर्षांचे नाते, घरात कोणाला सांगता येत नाही, शहानिशा करायला मधला कोणी माणूस नाही, अशा स्थितीत डोळ्यांनी पाहून खात्री करावीशी वाटणे स्वाभाविक आहे. पण खोली रिकामी दिसली, म्हणून तुमची शंका फिटली का? फिटली असती, तर तुम्ही दुसऱ्यांदा विचारले नसते. शंका अशा पुराव्याने शमत नाही. उद्या ती स्वयंपाकघर पाहायला मागेल, परवा ‘लास्ट सीन’ मोजेल, आणि त्याला रोजचा कॉल झडतीसारखा वाटू लागेल. दुसऱ्या वेळी तो बोलायचा थांबला, ते याच अपमानामुळे, असे मला वाटते. पुढच्या वेळी तसे विचारावेसे वाटले, तर खोलीबद्दल न बोलता सरळ स्वतःबद्दल बोला : ‘आज मला भीती वाटते आहे, तू माझ्यापासून लांब चालला आहेस असं वाटतं.’ हे बोलायला कॅमेरा फिरवायला सांगण्यापेक्षा अधिक धीर लागतो, पण याचे उत्तर त्याला देता येते. झालेल्या दोन प्रसंगांबद्दल एकदा त्याची माफी मागा आणि मग तो विषय उगाळू नका. अर्थात, उद्या त्याने तुमच्याकडे असाच हिशेब मागितला, कॉल रात्रभर चालू ठेव म्हणून हट्ट धरला किंवा तुम्हाला नको असताना तुमचे खासगी फोटो मागितले, तर त्याला तितक्याच ठामपणे नाही म्हणा.

गंभीर विषय रात्री अकरानंतर काढू नयेत, हा नियम मात्र दोघांनी कटाक्षाने पाळावा. भांडण होणारच असेल, तर ‘शनिवारी दुपारी आपण अमुक गोष्टीवर बोलू’ असे आधी कळवून, पोट भरलेले असताना आणि उजेड असताना व्हावे. बोलता बोलता रडू आले किंवा राग अनावर झाला, तर कॉल कापू नका. ‘आता मला बोलवत नाही, उद्या सातला बोलू’ एवढे म्हणून ठेवा. समोरासमोर भांडलेली माणसे निदान एकाच घरात किंवा गावात असतात, थोड्या वेळाने चहा पुढे करता येतो. मध्येच कापलेल्या कॉलनंतर मात्र काळा पडदा उरतो आणि पुढचे बारा तास दोघेही आपापल्या मनात ते भांडण चालवत राहतात.

हे सगळे केले, तरी तुमची बेचैनी पूर्णपणे जाईल असे मी म्हणणार नाही, कारण तिचे मूळ मला कॉलमध्ये दिसत नाही. हे अंतर कधी संपणार, हे तुम्हाला माहीत नाही. तिकडचा एम. एस.चा अभ्यासक्रम साधारण दोन वर्षांचा असतो, पण पदवीनंतर नोकरी शोधण्यासाठी जर्मनी आणखी 18 महिने राहण्याचा परवाना देते. म्हणजे ‘दोन वर्षांत येतो’ म्हणून गेलेला मुलगा प्रामाणिक असूनही साडेतीन वर्षांपर्यंत काही ठरवू शकला नाही, असे सहज होऊ शकते, आणि तोवर इकडे तुमची आई वाट पाहणार नाही. तो तिथेच नोकरी पाहणार आहे की परत येणार आहे? तिथे राहणार असेल, तर लग्न कधी आणि तुमच्या नोकरीचे काय? जोडीदाराच्या व्हिसासाठी सामान्यतः जर्मनची ए1, म्हणजे अगदी प्राथमिक पातळीची, परीक्षा उत्तीर्ण व्हावी लागते. काहींना तीत सूट मिळते, उदाहरणार्थ ज्याच्याकडे युरोपीय संघाचे ब्लू कार्ड, म्हणजे उच्चशिक्षित परदेशी नोकरदारांना मिळणारा परवाना, आहे त्याच्या पत्नीला. जर्मन शिकवणाऱ्या पुण्याच्या मॅक्सम्युलर भवनात ए1चे वर्गही आहेत आणि परीक्षाही होते. तुम्ही हे शिकायला घ्यावे का, हा प्रश्न दोघांनी मिळून सोडवायचा आहे, आणि त्याने त्यावर टाळाटाळ केली, तर ती टाळाटाळ मी उशिरा आलेल्या शंभर कॉलपेक्षा गंभीर मानेन. नेमका दिवस त्याला आज सांगता येणार नाही. नोकरी मिळणे त्याच्या हातात नाही. पण ‘अमुक महिन्यापर्यंत वाट पाहू, नाही जमले तर असे करू’ एवढे त्याला सांगता यायला हवे.

घरी सांगण्याविषयी माझे मत असे, की वधू-वर सूचक केंद्रात नाव जाण्याआधी आईला सांगावे. स्थळे येऊ लागल्यावर सांगितले, तर ‘आलेले स्थळ नाकारण्यासाठी काढलेली सबब’ असा त्याचा अर्थ लावला जातो आणि मुलाकडच्यांपुढे मान खाली गेल्याचा राग निष्कारण तुमच्या मित्रावर निघतो. आधी आईला एकटीला सांगा, वडिलांना तिच्यामार्फत कळू द्या, आणि मार्चमध्ये तो आला, की त्याने स्वतः घरी येऊन बोलावे. या सगळ्याचा कॉलशीही थेट संबंध आहे : घरात माहीत असेल, तर तुम्हाला दिवाणखान्यात बसून, उजेडात, मोठ्याने हसत बोलता येईल. घरातून मारहाणीची किंवा कोंडून ठेवण्याची भीती असेल, तर मात्र आधी विश्वासातील एखाद्या नातेवाइकाला किंवा मैत्रिणीला सांगून ठेवा; महिलांसाठीचा 181 हा मदत क्रमांकही जवळ असू द्या.

मार्चच्या भेटीकडून फार मोठ्या अपेक्षा ठेवू नका, असे सांगण्यामागे एक कारण आहे. अमेरिकेतील लॉरा स्टॅफर्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दूर राहणाऱ्या प्रेमी जोडप्यांचा अभ्यास केला, तेव्हा त्यांना आढळले, की पुन्हा एका गावात राहू लागलेल्या जोडप्यांपैकी सुमारे एक तृतीयांश जोडपी तीन महिन्यांच्या आत वेगळी झाली. दूर असताना माणूस समोरच्याचे एक सुबक चित्र मनात रंगवतो, आणि कॉलवर तर आपण केस विंचरून, हसरा चेहरा करूनच येतो. मग जवळ आल्यावर चिडका, आळशी, ऐकून न घेणारा माणूस भेटतो, तो नवा वाटतो. म्हणून ते तीन आठवडे फक्त हॉटेले आणि फिरणे यांत घालवू नका. त्याला बँकेत तुम्हाला घ्यायला येऊ द्या, गणपती मंदिराच्या गर्दीत दोघे मिळून गाडी लावायला जागा शोधा, एखादी संध्याकाळ काहीच न ठरवता जाऊ द्या आणि कंटाळा आला तर तोही दोघांनी अनुभवा.

एक व्यवहाराची गोष्ट राहिली. मार्चअखेरीस बँकेत तुम्हाला रजा मिळणार नाही, आणि शेवटच्या आठवड्यात तर घरी यायलाही रात्र होईल. त्याने विमानाचे तिकीट काढण्याआधी हे त्याला या रविवारीच सांगा. परीक्षा आटोपताच तो मार्चच्या पहिल्या आठवड्यात निघू शकला, तर तीनपैकी निदान दोन आठवडे तुमच्या हाती लागतील.